पिन खोऱ्यात पहिल्यांदा जाताना: नागपूरकरांसाठी पायरीपायरीने

पहिल्या खेपेला हिमाचलच्या स्पितीतलं पिन खोरं मला दिसलंच नाही. धाकट्या भावाबरोबर मनालीमार्गे गेले होते. नागपूर सोडल्यापासून तिसऱ्या रात्री आम्ही स्पितीचं मुख्य गाव असलेल्या काझात, साडेतीन हजार मीटरच्या वर झोपलो. भाऊ रोज पहाटे अंबाझरीला धावणारा, माझ्यापेक्षा कितीतरी दमदार. रात्री दोनला तो डोकं दोन्ही हातांत धरून उठून बसला. सकाळपर्यंत तीनदा उलटी झाली. तिथल्या डॉक्टरांनी तपासलं आणि एकच सांगितलं: खाली जा, आजच. पिनचा फाटा काझाहून तासाभराच्या आत होता, आणि आम्ही उलट्या दिशेला मनालीची गाडी पकडली.

दुसऱ्या वेळी मी सोळा दिवस काढले आणि शेजारच्या किन्नौर जिल्ह्याच्या बाजूने, सावकाश गेले. भाऊही होता. औषधाची एकही गोळी घ्यावी लागली नाही, आणि शिवाय जे बघायला गेलो होतो ते वाटेतच उलगडत गेलं. त्यानंतर ओळखीतल्या बऱ्याच जणांनी विचारलं, म्हणून सगळं एका जागी लिहिते आहे.

१. कुठे चाललो आहोत, ते आधी समजून घ्या

हिमाचल प्रदेशच्या लाहौल-स्पिती जिल्ह्यात पिन व्हॅली राष्ट्रीय उद्यान आहे. १९८७ साली ते जाहीर झालं. क्षेत्र ६७५ चौरस किलोमीटर, उंची साधारण साडेतीन हजार मीटरपासून सहा हजारांच्या वर. २००९ साली भारताने जो शीत वाळवंट जीवावरण राखीव प्रदेश केला, त्यात पिन, किब्बर अभयारण्य आणि चंद्रताल तळं हे सगळं येतं. २०२५ मध्ये युनेस्कोनेही त्याला आपल्या जागतिक जाळ्यात घेतलं.

वाळवंट म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे जैसलमेर येतं. इथे वाळूच्या टेकड्या नाहीत. शाळेत शिकलेला पर्जन्यछायेचा प्रदेश आठवा. मान्सूनचे ढग हिमालयाच्या दक्षिण उतारावर रिते होतात आणि पलीकडे कोरडी हवा तेवढी जाते. तिथे पाणी येतं ते मुख्यतः हिवाळ्यातल्या बर्फाचं, आणि तेच वितळून उन्हाळ्यात शेतांत खेळवलं जातं. म्हणजे डोंगर हिमालयाचे आणि हवा वाळवंटाची. ही दोन जगं जिथे एकमेकांना भिडतात ती शिवण पाहायला आपण जातो. ताडोबा-पेंचच्या सवयीने जाणाऱ्याला पहिले दोन दिवस सगळं ओसाड वाटतं. तसं वाटणारच, घाबरू नका.

२. महिना ठरवा

नवख्या माणसाने जूनचा दुसरा पंधरवडा किंवा सप्टेंबर धरावा.

आपल्याकडे नवतपा सुरू असतो, शाळांना सुट्ट्या असतात, म्हणून बरेच जण मेच्या शेवटीच निघतात. तेव्हा मनालीकडचा कुंझुम घाट (सुमारे ४,५५० मीटर) बहुतेक वर्षी अजून बर्फाखाली असतो. किन्नौरकडून जाता येतं, पण परतीचा दुसरा रस्ता बंद असल्याने त्याच वाटेने मागे यावं लागतं. जुलै-ऑगस्टमध्ये खोऱ्यात फुलं असतात, हवा छान असते, पण तिथे पोचण्याचा किन्नौरचा रस्ता पावसात कोसळतो. दरड पडली की एक दिवस जाऊ शकतो, तीन दिवसही. रजा मोजून घेतलेल्यांनी हे दोन महिने टाळलेले बरे. सप्टेंबरमध्ये आकाश धुतल्यासारखं स्वच्छ असतं, रात्री मात्र चांगली थंडी पडते.

हिमबिबट्या पाहायला लोक जानेवारी ते मार्चमध्ये किब्बरला जातात. उणे वीसच्या आसपासची थंडी, गोठलेले नळ, बंद रस्ते. पहिल्या खेपेला तिकडे जाऊ नका.

३. निघण्याआधी दोन महिने: तब्येत

नागपूर समुद्रसपाटीपासून जेमतेम ३१० मीटरवर आहे. पिनमधलं मूद गाव सुमारे ३,८०० मीटरवर. तिथे प्रत्येक श्वासात समुद्रकाठच्या दोन-तृतीयांशाहूनही थोडा कमी ऑक्सिजन मिळतो. धावण्याचा सराव असला म्हणजे उंचीचा त्रास होत नाही, हा गैरसमज भावाने आमच्या घरापुरता कायमचा मिटवला. तरुण, दमदार माणसं उलट जास्त अडकतात, कारण ती भराभर चढतात.

तरी पायांना सवय हवीच. सेमिनरी हिल्सचे चढ रोज पाऊण तास, आणि रविवारी रामटेकला गडमंदिराच्या पायऱ्या दोनदा, पाठीवर पाच किलोची सॅक घेऊन. नवे बूट याच काळात पायात मुरवून घ्या.

आता एक गोष्ट खास आपल्या भागासाठी, आणि ही कृपा करून वगळू नका. विदर्भात सिकलसेलचं प्रमाण मोठं आहे. एसएस पॅटर्नच्या, म्हणजे प्रत्यक्ष आजार असलेल्या व्यक्तीला विरळ हवेत या आजाराचा जोराचा झटका येऊ शकतो. डॉक्टरांच्या स्पष्ट परवानगीशिवाय त्यांनी हा प्रवास करूच नये. एएस म्हणजे नुसते वाहक असलेल्यांना खाली नागपुरात आयुष्यभर काही जाणवत नाही, पण उंचीवर त्यांच्याही प्लीहेचा रक्तपुरवठा तुटल्याच्या घटना वैद्यकशास्त्राला माहीत आहेत. डाव्या बरगडीखाली एकाएकी जोरात दुखू लागणं हे त्याचं लक्षण. घरात कुणालाही सिकलसेल असेल, किंवा तपासणीच झालेली नसेल, तर आधी ती करून घ्या. साधी रक्ततपासणी आहे. प्रवासी कंपन्यांच्या माहितीपत्रकात हे कुठेच लिहिलेलं मला आढळलं नाही.

हृदय, फुप्फुसं, आटोक्यात नसलेला रक्तदाब, गर्भारपण, यांतलं काही असेल तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय तिकीट काढू नका. उंचीच्या त्रासावरची डायमॉक्स ही गोळीही त्यांनाच विचारून घ्यायची. सल्फा औषधांची ॲलर्जी असेल तर ते आधीच सांगा.

४. रस्ता: किन्नौरने चढा, मनालीने उतरा

सगळ्या लेखातला हा सर्वात महत्त्वाचा भाग. नियम असा की तीन हजार मीटरच्या वर गेल्यावर रोजचा मुक्काम आदल्या रात्रीपेक्षा पाचशे मीटरहून जास्त उंच नको, आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच गावात थांबायचं. दिवसा कितीही वर फिरा, झोपायला खाली या. मनाली (सुमारे २,०५० मीटर) ते काझा (सुमारे ३,६५० मीटर) एका दिवसात गेलं की हा नियम तिथेच मोडतो. सात-आठ दिवसांची बरीच पॅकेजं याच वाटेने नेतात. स्वस्त पडतात, कारण मुक्काम कमी. ती घेऊ नका.

माझा सोळा दिवसांचा आराखडा असा होता:

दिवस १ व २: नागपूर ते दिल्ली रेल्वे, दिल्लीहून रात्रीची शिमला बस.
दिवस ३: शिमला (सुमारे २,२०० मीटर). आराम.
दिवस ४ व ५: कल्पा (सुमारे २,९६० मीटर), दोन रात्री.
दिवस ६ व ७: ताबो (सुमारे ३,२८० मीटर), दोन रात्री.
दिवस ८ व ९: काझा, दोन रात्री.
दिवस १० ते १२: मूद, तीन रात्री.
दिवस १३: परत काझा.
दिवस १४: कुंझुममार्गे मनाली.
दिवस १५ व १६: दिल्ली, नागपूर.

दिल्लीत काश्मिरी गेटच्या बसस्थानकावरून हिमाचलच्या सरकारी बस सुटतात. सवड असेल तर कालका ते शिमला छोट्या गाडीने जा; १९०३ सालचा ९६ किलोमीटरचा लोहमार्ग आहे, डोंगर किती हळू चढायचा असतो ते अंगात भिनतं. शिमल्याहून पुढे सरकारी बस स्वस्त आणि चालक त्या रस्त्याचे जाणकार. काझाची बस किन्नौरमधल्या रेकाँग पिओहून भल्या पहाटे सुटते; आदल्या दिवशी स्टँडवर जाऊन वेळ पक्की करा. चार-पाच जण असाल तर टॅक्सी करा, पण ठरवताना मुक्कामांची यादी कागदावर लिहून चालकाच्या हातात द्या. "वेळ आहे तर आजच काझा गाठू" असं वाटेत कुणीतरी म्हणणारच. नाही म्हणा.

बरेच जण कल्पानंतर नाकोला झोपतात. तळं सुंदर आहे, पण नाको ३,६०० मीटरच्या पुढे. तिथे जेवून ताबोला उतरलेलं चांगलं. उंची कमी आणि रात्रीची झोप शांत.

या वाटेचा दुसरा फायदा मला आधी कुणी सांगितला नव्हता. गाडीत खिडकीपाशी बसा आणि झाडं बघत राहा. कल्पाला देवदार आहेत, सफरचंदाच्या बागा आहेत, ओल आहे. मग चिलगोजाची झाडं लागतात, खोडाची साल सोललेल्यासारखी, करडी-हिरवी. पूहच्या पुढे खाबला स्पिती नदी सतलजला मिळते. तोवर झाडं विरळ होत होत जवळपास संपलेली असतात. मान्सून कुठवर पोचतो आणि कुठे हात टेकतो, त्याची रेघच जणू खिडकीबाहेर ओढलेली दिसते. हे बघायला गाडी संथ हवी आणि दिवसाचा उजेड हवा.

ताबोत दोन रात्री का, असं घरच्यांनी विचारलं होतं. तिथला मठ इसवी सन ९९६ चा. बाहेरून मातीच्या भिंती, आणि आत अंधारात हजार वर्षांपूर्वीची भित्तिचित्रं. फोटो काढायला मनाई आहे आणि दिवेही मंद, त्यामुळे डोळे सरावेपर्यंत उभं राहावं लागतं. दीक्षाभूमीच्या शहरातून आलो आहोत म्हटल्यावर तिथल्या एका भिक्खूंनी आम्हाला बसवून घेतलं, चहा दिला आणि नागपूरच्या उन्हाबद्दल विचारलं.

५. कागदपत्रं

- आधार कार्ड किंवा मतदार ओळखपत्र मूळ, आणि त्याच्या चार झेरॉक्स. वाटेत पोलिसांचे तपासणी नाके आहेत.
- पासपोर्ट आकाराचे चार फोटो.
- डॉक्टरांची चिठ्ठी आणि रोजच्या औषधांची नावं. रक्तगट लिहून ठेवा.
- स्वतःची गाडी नेत असाल तर आरसी, विमा, पीयूसी, परवाना. फोनमध्ये आणि कागदावर दोन्ही. नेटवर्क नसेल तिथे फोनमधलं ॲप उघडत नाही.

भारतीय नागरिकांना या रस्त्याला इनर लाइन परवाना लागत नाही. परदेशी पारपत्र असलेल्या नातेवाइकांना लागतो, मग ते मूळचे धरमपेठेचे का असेनात. अमेरिकेहून आलेला भाचा बरोबर असेल तर शिमला किंवा रेकाँग पिओला एक दिवस त्यासाठी धरा.

मनालीहून अटल बोगद्यातून जाता-येता रोहतांगचा वेगळा परवाना लागत नाही. रोहतांगच्या माथ्यावर जायचं असेल तरच लागतो. उद्यानाच्या आत तंबू टाकून राहायचं किंवा पिन-भाबा खिंड ओलांडायची असेल तर काझातल्या वन विभागाच्या कार्यालयात आधी परवानगीची चौकशी करा. मूद गावात राहून आसपास दिवसाचं फिरणं नवख्याला पुरेसं आहे.

६. सामान

थंडीचे कपडे एकच जाड कोट असे नकोत. अंगालगत थर्मल, त्यावर लोकर किंवा फ्लीस, त्यावर वारा अडवणारं जॅकेट. दुपारी शर्टावर फिराल आणि ढग आला की पाच मिनिटांत तिन्ही थर चढवाल. हिवाळ्यात नागपुरात तिबेटी विक्रेत्यांकडे मिळणारे स्वेटर उत्तम चालतात. जूनमध्ये जायचं तर डिसेंबरातच घेऊन ठेवा.

- लोकरीचे मोजे तीन जोड, कानटोपी, हातमोजे.
- अतिनील किरण अडवणारा काळा चष्मा, जास्त एसपीएफचं सनस्क्रीन, ओठांना लावायला व्हॅसलीन.
- दुर्बीण. ८ बाय ४२ चांगली. कॅमेऱ्यापेक्षा आधी ही घ्या.
- पाण्याच्या दोन बाटल्या, ओआरएस, तापाची आणि उलटीची गोळी.
- टॉर्च, पॉवर बँक. रात्री दोन्ही पांघरुणात घेऊन झोपा, थंडीत बॅटरी लवकर उतरते.
- रोख रक्कम. काझात एटीएम आहे, पण त्यात पैसे असतीलच याची खात्री नाही. मूदमध्ये एटीएम नाही.

उन्हाबद्दल थोडं. खिशात कांदा ठेवून शेहेचाळीस अंशांत बर्डीत फिरणारे आपण, आपल्याला वाटतं की ऊन आपल्याला कोण शिकवणार. तिथलं ऊन गरम लागत नाही आणि तरी कातडी जाळतं. घाम येतो तोही लगेच वाळतो, म्हणून तहान लागल्याचं कळतच नाही. दर अर्ध्या तासाला दोन घोट, तहान असो वा नसो.

ऑक्सिजनचे छोटे डबे वाटेत विकायला असतात. ते काही मिनिटं पुरतात. त्यांच्या भरवशावर कुणाला वर नेऊ नका. बोटाला लावायचा ऑक्सिमीटर न्यायला हरकत नाही, मात्र आकड्यापेक्षा माणसाकडे बघा.

७. त्रास ओळखा, आणि ओळखला की लपवू नका

डोकं दुखणं, भूक न लागणं, मळमळ, थकवा, झोप न येणं. डोकेदुखीसोबत यांतलं काही आलं की तो उंचीचाच त्रास आहे असं समजून चाला. "प्रवासाचा शीण असेल", "पित्त झालं असेल" असं म्हणून आपण ते झाकतो. आमच्या पहिल्या खेपेला भावाला संध्याकाळपासूनच डोकं दुखत होतं. माझी ट्रिप बिघडेल म्हणून तो बोलला नाही. निघायच्या आधीच सगळ्यांनी एकमेकांना शब्द द्यायचा की दुखलं तर सांगू.

सौम्य त्रासाला उपाय म्हणजे आहात तिथेच थांबणं, आणखी वर न जाणं, पाणी पिणं. दारू आणि झोपेची गोळी दोन्ही वर्ज्य. चालताना तोल जाणं, बरळणं, बसल्या जागी धाप लागणं, फेसाळ थुंकी किंवा खोकला हे मेंदूत किंवा फुप्फुसांत पाणी साचत असल्याचं लक्षण. एका सरळ रेषेत टाचेला अंगठा लावून चालायला सांगा. जमलं नाही तर सकाळची वाट बघू नका, रात्रीच गाडी काढून खाली निघा. डॉक्टर वाटेत गाठायचा, पण उतरणं थांबवायचं नाही.

८. काझाहून पिनमध्ये

काझातल्या दुसऱ्या दिवशी ‘की’ नावाचा मठ आणि किब्बर गाव (सुमारे ४,२०० मीटर) दिवसा पाहून झोपायला काझाला परत या. अंगाला वरची चव मिळते. पेट्रोल, पैसे, भाजी, औषधं, घरी फोन, सगळं इथेच उरकून घ्या. पिनमध्ये मोबाइलचा भरवसा नाही.

काझा ते मूद सुमारे ५० किलोमीटर. अत्तरगोच्या पुलावर मुख्य रस्ता सोडायचा आणि पिन नदीच्या कडेने आत शिरायचं. वाटेत गुलिंगजवळ कुंगरीचा जुना मठ आहे, मग सगनम, आणि रस्त्याच्या शेवटी मूद. सरकारी बस जाते. वेळ काझाच्या स्टँडवर विचारा. टॅक्सीने गेलात तर परतीचा दिवस आणि भाडं तिथेच ठरवून घ्या, मूदमध्ये ऐनवेळी गाडी मिळेलच असं नाही.

सकाळी लवकर निघा. दुपारी ऊन चढलं की वरचा बर्फ वितळतो आणि सकाळी घोट्याएवढं पाणी असलेला ओढा तीन वाजता गुडघ्याला लागतो. इथे ओढे ओलांडायचे ते सकाळीच.

९. बघायचं कसं

इथे जिप्सी नाही, गेट नाही, "कॉल आला" म्हणून गाड्यांची पळापळ नाही. डोंगर समोर आहे आणि तुम्ही दगडावर बसला आहात, एवढंच.

आधी खाली बघा. मूदच्या वाटेवर पायाखाली करड्या पानांचं एक बुटकं झुडूप सारखं येतं. त्याचं पान चुरडून वास घ्या. मी घेतला आणि चैत्रातल्या देव्हाऱ्यात उभी राहिले. आपल्या दवण्याचीच ती भावकी आहे. तेलकट सुवासामुळे जनावरं त्याला सहसा तोंड लावत नाहीत, आणि बारीक करड्या केसांमुळे पानातलं पाणी टिकतं. थोडं पुढे काट्यांची गोल उशी दिसते, एखाद्या मोठ्या दगडावर शेवाळ साचावं तशी. तिच्या आत बोट घालून बघितलं. बाहेर वारा बोचत होता आणि आत कोमट, जवळपास दमट होतं. दोन मुंग्या बोटावर चढल्या. वाऱ्यापासून आणि थंडीपासून वाचण्यासाठी झाड असं जमिनीला बिलगतं, आणि त्याच्या पोटात बाकीचे राहतात. नदीकाठी सी-बकथॉर्नच्या जाळ्या आहेत, तिथले लोक त्याला छरमा म्हणतात; सप्टेंबरात केशरी फळांनी लगडतात. चवीला चिंचेच्या वर आंबट.

मग वर बघा. पिन खोरं आयबेक्ससाठी प्रसिद्ध आहे. हा रानबोकड, नराची शिंगं तलवारीसारखी मागे वळलेली, त्यांवर गाठीगाठी. स्पिती नदीपलीकडे किब्बरकडे गेलात तर तिथे भरल, म्हणजे निळसर रानमेंढ्या, जास्त दिसतात. दोघेही हिमबिबट्याचं अन्न. भारतातल्या पहिल्या देशव्यापी गणनेत ७१८ हिमबिबट्यांचा अंदाज निघाला, त्यांतले ५१ हिमाचलात. उन्हाळ्यात तो तुम्हाला दिसेल ही आशा धरू नका.

सूर्योदयाला आणि सूर्य कलल्यावर बसा. दुर्बीण गरागरा फिरवू नका. उताराचे मनातल्या मनात पट्टे पाडा आणि एकेक पट्टा डावीकडून उजवीकडे बघा, मग खालचा. दुसऱ्या सकाळी आम्ही पन्नास मिनिटं असं बसलो आणि काही दिसलं नाही. मग वरून चार खडे घरंगळले. आवाज अगदी हलका, ताटात तांदूळ सांडल्यासारखा. त्या जागी दुर्बीण लावली तर जो दगड मी दोनदा बघून सोडला होता, त्याने मान वळवली. मादी होती. तिच्या पोटाखालून एक पिल्लू बाहेर आलं, काही दिवसांचं असेल, आणि उभ्या कड्यावर आपण सपाट अंगणात चालतो तसं चालून गेलं. त्यानंतर एकेक करत अकरा मोजले. सगळे तिथेच होते, पहिल्यापासून.

आकाशात दाढीवालं गिधाड दिसू शकतं. शेपूट पाचरीच्या आकाराची. ते हाडं उंचावरून दगडांवर टाकून फोडतं. खडकांत चकोर आणि हिमकोंबडे ओरडतात. कोल्हा संध्याकाळी गावाकडेच येतो.

जनावराकडे चढून जाऊ नका. ते वर पळतं, त्या हवेत त्यालाही पळणं महाग पडतं, आणि तुम्ही धापा टाकत बसता. उन्हाळ्यात मेंढपाळ इथल्या कुरणांत कळप घेऊन येतात. आपल्या धनगरांसारखेच, पण त्यांची राखणीची कुत्री फार तिखट असतात. कळपाला मोठा वळसा घाला.

पिन-भाबा खिंड (सुमारे ४,९०० मीटर) पहिल्या खेपेला करू नका, पण मूदमध्ये कुणी ती उतरून आलेलं भेटलं तर बसवून ऐका. पलीकडच्या भाबा खोऱ्यात हिरवी कुरणं आणि दाट जंगल, अलीकडे पिनचे तांबडे-जांभळे कोरडे उतार. एका खिंडीच्या दोन बाजू.

१०. घरात राहताना

मूदमध्ये होम-स्टे आहेत. आमच्या घरातल्या आजींना सगळे आमा म्हणत, आम्हीही म्हणू लागलो. भेटताना "जुले" म्हणा. नमस्कार आणि आभार दोन्हीला चालतं.

पाणी जपून. बरीच शौचालयं कोरडी असतात: वापरून झालं की फावड्याने माती टाकायची, पाणी टाकायचं नाही. ते कुजून शेताला खत जातं, पाणी टाकलं तर सगळं बिघडतं. रोज आंघोळीचा हट्ट धरू नका. सर्दीपासूनही वाचाल.

जेवणात थुक्पा (शेवयांचं सूप), मोमो, सातूचं पीठ, मटार, डाळ-भात. शाकाहाऱ्यांची अडचण होत नाही. पाणी तिथे ८७-८८ अंशांनाच उकळतं, म्हणून कुकरशिवाय डाळ शिजत नाही आणि जेवणाला वेळ लागतो. संध्याकाळी सहालाच काय हवं ते सांगून ठेवा. नागपूरहून नेलेली चिवड्याची पाकिटं फुग्यासारखी टम्म फुगली होती. आमांनी एक हातात घेऊन दाबलं, हसल्या, आणि मग आम्ही सगळ्यांनी तंदूरभोवती बसून तो चिवडा संपवला. तंदूर म्हणजे खोलीच्या मध्ये असलेली पत्र्याची शेगडी. रात्री सगळं घर तिथेच असतं, तुम्हीही तिथेच बसा. छुमुर्ती जातीच्या घोड्यांबद्दल विचारा. पिन त्यांच्यासाठी ओळखलं जातं, आणि तिथल्या प्रत्येक म्हाताऱ्याकडे घोड्याची एक गोष्ट आहे.

लांडगा किंवा हिमबिबट्या गोठ्यात शिरला तर या लोकांचं वर्षाचं उत्पन्न एका रात्रीत जातं. तरी किब्बरच्या गावकऱ्यांनी आपल्या चराईची काही जमीन भरलांसाठी मोकळी सोडली, आणि गुरांचा विमाही गावातच चालवला. म्हणून होम-स्टेच्या भाड्यात घासाघीस करू नका. हा पैसा थेट त्या घरात जातो, आणि जंगली जनावर सोसण्याची त्यांची ताकद त्यातूनच येते.

प्लास्टिक सगळं परत आणा. कुत्र्यांना खाऊ घालू नका. त्यांची संख्या वाढली आहे आणि ती रानातल्या पिल्लांवर जातात.

११. परतीचा रस्ता

कुंझुम उघडा आहे का ते काझात आदल्या संध्याकाळी चालकांना विचारा. पहाटे निघा, अंधारात निघालात तरी चालेल. लोसर, कुंझुम, मग बातलच्या पुढे ग्राम्फूपर्यंतचा रस्ता म्हणजे दगड आणि ओढे. ते सगळे दुपारच्या आत मागे पडायला हवेत. चंद्रतालला (सुमारे ४,२५० मीटर) रात्री राहायचा मोह होतो. इतक्या दिवसांच्या सवयीनंतर अंगाला झेपतं, पण त्यासाठी एक दिवस वेगळा काढा.

कोकसरनंतर अटल बोगदा लागतो, नऊ किलोमीटरचा. या तोंडाला करडे डोंगर, आणि दहा-बारा मिनिटांनी त्या तोंडाला देवदार, ओली माती, बहुतेक वेळा पाऊस. जाताना जी शिवण ओलांडायला आम्हाला चार दिवस लागले होते, ती येताना गाडीच्या काचा खाली करेपर्यंत संपली.

मनालीहून दिल्लीची बस दरडीमुळे सहा-सात तास सहज उशिरा पोचते. नागपूरच्या गाडीचं तिकीट त्याच दिवसाचं काढू नका, दुसऱ्या दिवशी संध्याकाळचं काढा.